वाटी वाजली की उठायचं

देवगड तालुक्यातल्या एका कनिष्ठ महाविद्यालयात मी बरीच वर्षं शिकवत होते. बारावीच्या वर्गात एक मुलगी आठवड्याचे दोन-तीन दिवस दिसायचीच नाही. आली तरी शेवटच्या तासाला तिचं लक्ष फळ्यापेक्षा एसटीच्या वेळेकडे. एकदा मी तिला सगळ्यांसमोर बोलले, "घरात असं काय गं काम असतं तुला?" ती गप्प उभी राहिली. तिच्या घरी जावं हे मला दोन महिन्यांनी सुचलं, आणि उत्तर समजायला त्या घराच्या पडवीत तीन तास बसावं लागलं.

जांभ्याचं जुनं घर, उंच उंबरठे, न्हाणी मागच्या अंगाला. माजघरात खाटेवर आजी. पक्षाघाताने तिची उजवी बाजू गेली होती आणि वाचाही. डाव्या हाताशी स्टीलची वाटी ठेवलेली. काही हवं असलं की ती वाटी खाटेच्या लोखंडी कडेवर आपटायची. आई काजूच्या कारखान्यात, वडील ट्रॉलरवर, थोरला भाऊ डोंबिवलीला. मुलीचं वय १७.

हातात वही होतीच, मी वेळा टिपत गेले. दुपारी २ ते ५ या वेळात वाटी १४ वेळा वाजली. पाणी हवं, कूस बदलायची, पायावर माशी बसली, लघवी. पाच वेळा तर काहीच नको होतं. मुलीने हातपाय हलवून केलेलं काम मोजलं तर जेमतेम पाऊण तास भरला. दोन आवाजांमधलं सगळ्यांत मोठं अंतर होतं १९ मिनिटांचं. पुढ्यात उघडलेलं भौतिकशास्त्राचं पुस्तक पाच वाजताही त्याच पानावर होतं.

म्हणजे हिशेबाने ती सव्वादोन तास मोकळी होती. शेजारी, भाऊ, मी, सगळे तेच धरून चाललो होतो. त्या सव्वादोन तासांचं काय होतं, ते आता नीट उलगडून बघू.

राखणीचं काम

आजारी माणसाचं घरी करायचं म्हणजे तीन वेगळी कामं असतात. एक हाताचं: भरवणं, पुसणं, कपडे बदलणं, चादरी धुणं. दुसरं आठवणीचं: रक्तदाबाची गोळी कधी, संपत कधी आली, पोट साफ होऊन किती दिवस झाले, डॉक्टरांनी पुढल्या वेळी काय आणायला सांगितलंय. तिसरं राखणीचं: जागा न सोडणं आणि एक कान सतत माजघराकडे ठेवणं.

हाताचं काम डोळ्यांना दिसतं, म्हणून त्यात मदत मिळते. शेजारची काकी येऊन आजीला उचलू लागते, आई कामावरून आल्यावर चादरी पिळते. आठवणीचं आणि राखणीचं काम दिसत नाही, त्यामुळे ते वाटून घेण्याचा विषयच निघत नाही. आईने आंघोळ घातली तरी "टॉवेल खंय?" हा प्रश्न मुलीलाच.

खरं तर राखण हे काम आहे, हे देवगडात कुणाला शिकवायला नको. हापूस तयार व्हायला लागला की बागायतदार राखणीला माणसं ठेवतात. नेपाळहून आलेले कितीतरी गुरखे ते महिने बागेतल्या खोपटात काढतात. माकडं दिवसातून एकदा येतील, एखाद्या दिवशी येणारही नाहीत. म्हणून बागायतदार काही "आज तू पाऊणच तास हाकललंस" असं म्हणत पाऊण तासाचा पगार हातावर ठेवत नाही. त्याने डोळा लावला नाही, तो बाग सोडून गेला नाही, याचे ते पैसे असतात. तेच काम माजघरात आलं की त्याला मोकळा वेळ म्हणतात.

मोजणारेही इथे कमी पडतात. राष्ट्रीय सांख्यिकी कार्यालयाने २०२४ मध्ये देशभर वेळेच्या वापराचं सर्वेक्षण केलं. घरातल्या माणसांची काळजी घेणाऱ्या स्त्रियांचे त्यात दिवसाला सरासरी १३७ मिनिटं जातात आणि पुरुषांची ७५. घरकाम वेगळं: करणाऱ्या स्त्रियांची २८९ मिनिटं, पुरुषांची ८८. आकडे बोलके आहेत. पण अशा सर्वेक्षणात दिवसाचे अर्ध्या-अर्ध्या तासाचे कप्पे पाडतात आणि दहा मिनिटांच्या आत संपणारं काम सहसा वेगळं नोंदत नाहीत. वाटी वाजली, उठून पाणी दिलं, परत येऊन बसली, झाली तीन मिनिटं. असे चौदा तुकडे त्या चाळणीतून बरेचसे खाली पडतात, आणि तुकड्यांच्या मधली राखण तर चाळणीत येतच नाही.

तुकड्या-तुकड्याच्या वेळात अभ्यास का होत नाही, याचंही कारण सापडलेलं आहे. सोफी लिरॉय या संशोधिकेने २००९ मध्ये दाखवलं की एक काम अर्धवट टाकून आपण दुसऱ्याकडे वळलो की मनाचा एक भाग मागच्या कामातच अडकून राहतो. शरीर परत पुस्तकापाशी येतं, मन यायला वेळ लागतो, आणि तोवर पुन्हा वाटी. शिवाय इथे मागे अडकायला नुसतं आधीचं काम नाही, पुढच्या आवाजाची वाटही आहे.

रात्रीचं वेगळं सांगायला हवं का? स्वतः कूस न बदलू शकणाऱ्या माणसाला साधारण दर दोन तासांनी वळवावं लागतं, कारण माकडहाड, टाच, कमरेचं हाड आणि गादी यांच्यामध्ये कातडी दाबली जाऊन तिथलं रक्त थांबतं आणि जखम होते, तिलाच बेडसोर म्हणतात. हवेची गादी हे काम कमी करते, संपवत नाही. आणि आमच्याकडे पावसाळ्यात वीज गेली की गादीचा पंप बंद. आवाज थांबल्यानेच जाग येते, असं ती मुलगी म्हणाली होती. त्या वयाला आठ ते दहा तास झोप लागते आणि दिवसा वाचलेलं झोपेतच डोक्यात पक्कं होतं.

तिच्यावरच का?

घरचे दुष्ट असतात म्हणून नव्हे. हा साधा हिशेब असतो. आईची मजुरी रोख येते. भावाचा पगार येतो. वडील समुद्रावर गेले नाहीत तर त्या फेरीचा वाटा गेला. सतरा वर्षांच्या मुलीचा दिवस मोडला तर त्या महिन्यात घराचं काहीच बुडत नाही. जे बुडतं ते पाच-दहा वर्षांनी दिसतं, आणि तेव्हा तो हिशेब कुणी या दुपारींशी जोडत नाही. ज्याच्या वेळेला बाजारात भाव नाही, त्याचा वेळ आधी खर्ची पडतो.

याच्या मागे कोकणाची जुनी रचना आहे. २०११ च्या जनगणनेत रत्नागिरी जिल्ह्यात दर १००० पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या, सिंधुदुर्गात १०३६. आणि दोन्ही जिल्ह्यांची लोकसंख्या २००१ पेक्षा घटलेली. पुरुष मुंबईला, मागे बायका, म्हातारी माणसं आणि मुलं, हे गिरण्यांच्या काळापासून चालत आलंय. पूर्वी एका घरात चार सुना असायच्या, राखण आपोआप वाटली जायची. आता तेवढंच मोठं घर आणि तेवढ्याच लांबच्या न्हाणीसाठी एक आई आणि एक मुलगी उरते.

लोक कौतुक मात्र भरपूर करतात. "चेडू गुणाचां हा गो!" मला या कौतुकाची भीती वाटते. कारण पुढे स्थळ सांगताना हेच वाक्य वापरलं जातं: आजीचं सगळं केलंय हो तिने. समोरच्या घरातही कुणी तरी खाटेवर असतंच.

वाढायला काय लागतं

एरिक एरिक्सन या मानसशास्त्रज्ञाने पौगंडावस्थेबद्दल एक शब्द वापरला, मोरॅटोरियम. २०२० च्या टाळेबंदीत कर्जाच्या हप्त्यांना मिळाला होता तोच. समाज मुलांना मोठं होण्याआधी थोडी मुदत देतो, असं त्याचं म्हणणं: आत्ता हप्ता भरू नकोस, वेगवेगळ्या गोष्टी करून बघ, चुका कर, मैत्रिणीशी भांड, उद्या वेगळंच काहीतरी व्हायचं ठरव. आपण कोण आहोत हे माणूस या मुदतीत ठरवतो. ही मुदत बाहेरून बघणाऱ्याला वाया घालवलेला वेळ वाटते. कंटाळा, मागच्या दारी गप्पा, आरशासमोरचा अर्धा तास.

या मुलीचे हप्ते सोळाव्या वर्षीच सुरू झालेले. तिला डॉक्टरांशी बोलता येतं, रक्तदाब मोजता येतो, शंभर माणसांत ती घाबरत नाही. हे सगळं खरं मिळवलेलं आहे, त्याला मी कमी लेखत नाही. पण तिला घरात फुगून बसता येत नाही, दार आपटता येत नाही. पाळीच्या दिवशी पोट दुखत असताना दुसऱ्याचे कपडे बदलावे लागतात. झोपते ती माजघरातच, त्यामुळे रडायचं झालं तर विहिरीवर. आजारी माणसाच्या घरात दुसऱ्या कुणाची कुरकुर बसत नाही.

आणखी एक गोष्ट आहे, ती कुणी बोलत नाही. "हे कधी संपणार?" असा विचार मनात आला की पुढच्या क्षणी त्याचा अर्थ कळतो, आणि मग दिवसभर स्वतःची लाज वाटत राहते. आजारी माणसाचं वर्षानुवर्षं करणाऱ्या पुष्कळांच्या मनात हा विचार येऊन जातो. तो थकव्याचा आवाज असतो, माया आटल्याचा नव्हे. फारच जड झालं तर मनाच्या त्रासासाठी टेली मानसचा १४४१६ हा सरकारी फोन क्रमांक आहे, फुकट आणि मराठीतही. पण त्याआधी घरातल्या एखाद्या मोठ्या बाईने "माझ्याही मनात येतं गं" एवढं म्हटलं तरी बरंच ओझं उतरतं.

मुलांच्या अंगावर पालकपण येण्याचा अभ्यास साल्वादोर मिनुचिन यांनी १९६० च्या दशकात अमेरिकेतल्या गरीब कुटुंबांत केला. त्यांचं निरीक्षण मला फार कामाचं वाटतं. मोठ्या मुलाने घर सांभाळणं मुळात वाईट नाही. काम कोणतं, किती वेळ आणि कुणाच्या वतीने हे मोठ्यांनी उघड ठरवून दिलं असेल तर मूल ते पेलतं, त्यातून मोठंही होतं. मोठी माणसं न बोलता बाजूला झाली आणि काम आपसूक मुलावर येऊन पडलं, की बिघडतं. त्या घरात "आजीचं तू बघ" असं कुणी कधी म्हटलंच नव्हतं. पहिल्या दिवशी ती घरात होती, एवढंच.

इंग्लंडमध्ये २०१४ च्या कायद्याने अठराच्या आतल्या अशा मुलांना काय मदत लागेल हे तपासणं स्थानिक प्रशासनावर बंधनकारक केलं. आपल्या हजेरीपटात "ह" आणि "गै" एवढीच दोन अक्षरं आहेत. दहावी-बारावीच्या निकालात कोकण विभाग २०१२ पासून राज्यात पहिला येत आलाय, त्याचा मलाही अभिमान आहे. परीक्षेलाच न बसलेली मुलगी त्या टक्क्यांत मोजली जात नाही.

मग करायचं काय

सरकारी मदत बऱ्यापैकी आहे, पण ती बहुतेक पैशांची आहे. बारावीपर्यंत मुलींना एसटीचा पास फुकट, १७ मार्च २०२३ पासून सगळ्या बायकांना अर्धं तिकीट. २०२४-२५ पासून वार्षिक ८ लाखांपर्यंत उत्पन्न असलेल्या घरांतल्या इतर मागास, सामाजिक-शैक्षणिक मागास आणि आर्थिकदृष्ट्या दुर्बल प्रवर्गातल्या मुलींना सरकारच्या केंद्रीभूत प्रवेश प्रक्रियेतून घेतलेल्या व्यावसायिक अभ्यासक्रमाचं शिक्षण आणि परीक्षा शुल्क माफ. आजीसाठी दिव्यांगत्वाचं प्रमाणपत्र काढावं. ४० टक्के किंवा त्याहून जास्त असेल तर योजनांची दारं उघडतात. सिंधुदुर्गात त्यासाठी ओरोसला जिल्हा रुग्णालयात जावं लागतं. निराधार किंवा श्रावणबाळ योजनेचा अर्ज तहसील कचेरीत. २०१६ च्या दिव्यांग हक्क कायद्याच्या २४ व्या कलमात जास्त आधार लागणाऱ्यांसाठी काळजीवाहक भत्त्याचाही उल्लेख आहे, तहसीलला गेल्यावर तेही विचारून ठेवावं. हे सगळं घ्यावंच. मात्र यातल्या कशानेही दुपारचे तीन तास सलग मिळत नाहीत.

कॉलेज सुटायची वेळ आलीच तर दोन गोष्टी लक्षात असू द्या. बारावी बाहेरून देता येते, त्याला सगळे "१७ नंबरचा फॉर्म" म्हणतात. तो परीक्षेच्या कित्येक महिने आधी भरायचा असतो, त्यामुळे चौकशी लवकर करावी. पुढे नाशिकचं यशवंतराव चव्हाण मुक्त विद्यापीठ आहे, १९८९ पासूनचं, आणि मान्यता असलेल्या अशा पदव्या नियमित पदवीच्या बरोबरीच्या धरल्या जातात. फक्त एक सावधगिरी. अशा मुलीला जो तो "तू नर्सच हो" म्हणतो. नर्सिंग घरी बसून होत नाही, पूर्ण हजेरी लागते. आणि तिला ते मुळात हवंय का, हे एकदा तिला विचारा. या मुलीला नकाशे काढायला आवडायचं.

आता राखणीचं. आम्ही काय केलं ते सांगते, त्यातलं काही जमलं, काही फसलं.

पहिल्यांदा बिनतारी बेल आणली, काही शे रुपयांची. वाटीचा आवाज पडवीपर्यंतच यायचा, बेल विहिरीपर्यंत वाजायला लागली. मला वाटलं, सुटली पोर. पण बेलने दावं लांब झालं, सुटलं नाही. आता तिला विहिरीवरही धड रडता येईना.

दुसरी गोष्ट खूपच उपयोगी पडली. २००६ मध्ये अमेरिकेतल्या रुग्णालयांतला एक अभ्यास प्रसिद्ध झाला होता: परिचारिका बोलावण्याची वाट न बघता ठरल्या वेळी स्वतःहून फेरी मारायला लागल्या, तेव्हा रुग्णांनी घंटी वाजवायचं प्रमाण कमी झालं. मेंदूच्या डाव्या भागाला इजा झाली की शरीराची उजवी बाजू जाते आणि बहुतेकांची बोलण्याची शक्तीही तिथेच असते. समजण्याची शक्ती मात्र पुष्कळदा शाबूत राहते. आजीला सगळं कळत होतं. ते पाच वेळचं "काहीच नको" म्हणजे घरात कुणी आहे ना, एवढी विचारणा होती. वाटी हा तिच्याकडे उरलेला एकच शब्द. म्हणून तिच्या समोरच्या भिंतीवर मोठं घड्याळ लावलं. मुलगी तिला काटा दाखवून सांगायची, "बारावर आलो की मी येतंय," आणि काही झालं तरी बाराला जायची, पाणी द्यायची, कूस बदलायची, पाच मिनिटं हात धरून बसायची. पहिला आठवडा काही फरक पडला नाही. मग हळूहळू तासाला चार-पाच वेळा वाजणारी वाटी एक-दोनवर आली. चाळीस मिनिटांचे सलग तुकडे मिळायला लागले.

तिसरी गोष्ट, आठवणीचं काम डोक्यातून काढून भिंतीवर आणलं. कॅलेंडरच्या पाठीमागे मोठ्या अक्षरांत: गोळ्यांच्या वेळा, कोणती जेवणाआधी, वळवायच्या वेळा, डायपर कुठे, कोणत्या डॉक्टरांचा फोन. ती नसतानाही कुणाला तिला विचारावं लागू नये, ही कसोटी. पहिल्या कागदावर अकरा गोष्टी राहून गेल्या होत्या. तिच्या डोक्यात त्या इतक्या मुरलेल्या की लिहायच्या असतात हेच सुचलं नव्हतं.

यानंतर गणपतीला भाऊ आला. दरवर्षी यायचा, आजीला साडी आणायचा, आरतीला तिला उचलून ओटीवर आणून बसवायचा, सगळ्यांचे डोळे भरायचे, मग भजनं. त्या वर्षी आईनेच सांगितलं, दीड दिवसाचा गणपती पोचवला की पुढचे तीन दिवस राखण तुझी. मदत नको, राखण घे. फरक समजायला त्याला एक रात्र लागली. दुसऱ्या दिवशी सकाळी लाल डोळ्यांनी विचारत होता, "ही एवढ्या वेळा कशाला वाजवते?" पहिल्या दिवशी मुलगी मैत्रिणींबरोबर कुणकेश्वरला गेली आणि तिथून सहा वेळा घरी फोन केले. दुसऱ्या दिवशी दोन. तिसऱ्या दिवशी ती दुपारभर झोपली.

डोंबिवलीला परतल्यावर भावाने आपणहून एक गोष्ट सुरू केली. रविवारी आणि त्याच्या साप्ताहिक सुट्टीला, मंगळवारी, तीन वाजता व्हिडिओ कॉल. फोन आजीच्या उशाशी उभा करायचा आणि तो तिथून गाडीतल्या गर्दीपासून भाजीच्या भावापर्यंत काहीही सांगत बसायचा. एकदा वाजवली की हो, दोनदा की नाही. बोलता न येणाऱ्या माणसाशी अर्धा तास गप्पा मारता येतात हे मला तोवर ठाऊक नव्हतं. आजीला काही लागलंच तर तो मुलीला दुसऱ्या फोनवर कळवणार. म्हणजे डोंबिवलीत बसून राखण करता येते, निदान आठवड्यातून एक तास.

काही महिन्यांनी परीक्षेचा फॉर्म भरायला मुलगी आली होती. त्या अर्ध्या तासात चांगला अभ्यास होत असेल, असं मी म्हटलं.

"नाय मॅडम. तेवां मी मागल्या दारी पायरीर बसतंय."

"काय करतेस तिथे?"

"काय नाय."